इथिओपिया अन् नायजेरिया एकाच ताटात बसवायचेत. पहिला प्रयोग फसला, मदत करा

डबेवाली काकू (छत्रपती संभाजीनगर)

नमस्कार मंडळी. मी मूळची औसा तालुक्यातली. बावीस वर्षं झाली, इथं विद्यापीठाच्या मागच्या अंगाला डबे देते. सध्या ३६ डबे आहेत, त्यातले दोन परदेशी लेकरांचे. पोरगी इथिओपियाची, अदिस अबाबाची. पोरगं नायजेरियातल्या कानोचं. दोघं पीएचडी करायलेत. तीन वर्षं माझ्या हातची भाकरी, वरण, ठेचा गुमान खाल्ला. पोराच्या डब्यातला शेपू मात्र दर वेळी जसाच्या तसा परत यायचा, ते सोडा.

आता पोरीचा प्रबंध जमा झालाय, पंधरा दिवसांनी ती चालली. म्हणलं, जायच्या आधी एका रविवारी तुमच्या घरचं काहीतरी करून घालते. तर ही दोघं भांडायलाच लागली, कुणाच्या घरचं करायचं म्हणून. शेवटी मीच बोलून बसले, दोन्ही मिळून एकच करू. बोलायला काय जातंय!

मागच्या रविवारी चाचणी केली. नायजेरियाचा जोलोफ भात केला, म्हणजे टोमॅटो, लाल ढोबळी मिरची अन् कांदा वाटून तेलात परतायचं अन् त्यात भात शिजवायचा. पोरीच्या आईनं तिकडून बेरबेरे नावाचा मसाला पाठवलाय, लालभडक. म्हणलं, हाच दोघांचा मेळ. भात होत आल्यावर वरून चार चमचे टाकला. रंग असा आला की लग्नातला मसालेभात झक मारावा. अन् चव? कडू. घशाला खवखव वेगळीच. पोरानं दोन तांबे पाणी पिलं अन् म्हणालं, “छान आहे काकू.” त्यावरूनच कळलं.

दुसरी फजिती इंजेराची. ती त्यांची आंबवलेली, जाळीदार, मऊ पोळी असते, ताटाएवढी. टेफ नावाच्या बारक्या धान्याची करतात. मला बाहेरून काही मागवायचं नाही, कारण पोरगीच म्हणाली की तिच्या आजोळी, हरारकडं, ज्वारीची सुद्धा करतात. ज्वारी म्हणल्यावर मी कशाला मागं हटते? पीठ दह्यात भिजवलं, रात्रभर ठेवलं, सकाळी तव्यावर ओतलं. उन्हाळ्यात काळं रान भेगाळतं तशी भेगाळली. जाळी नाही, काही नाही. पोरीनं उचलून बघितली अन् आपल्या मराठीत म्हणाली, “काकू, ही भाकरी आहे.”

तर माझी अडचण अशी. ज्वारीची इंजेरा मऊ कशी होईल? बेरबेरे कडू कामून झाला? अन् तिसरं म्हणजे चरबीचं. तिकडं मसाल्याचं तूप लागतं, इकडं नायजेरियात लाल पामतेल म्हणतात. एका भांड्यात ही दोन्ही घातली तर वास जमंल का? जेवायला बारा माणसं आहेत, त्यात माझ्या सासूबाई, वय ८१, ज्यांना नवीन काहीही चालत नाही.

जाता जाता सांगते. मलिक अंबर पण इथिओपियाचाच. १६१० च्या सुमारास त्यानं खडकी वसवली, तेच हे आपलं गाव. १६२६ ला गेला, कबर खुलताबादला आहे. पोरगी तिथं जाऊन आली अन् रात्री डबा घ्यायला आली तेव्हा विचारायली, “काकू, त्याला इथं इंजेरा कोण करून देत असेल?” तेव्हापासून माझ्या डोक्यातून ही ज्वारीची इंजेरा जाईना झालीय.

निवृत्त मास्तर (परभणी)

काकू, मी सहा वर्षं इथिओपियात बहिर दारला शिकवायला होतो. ताना सरोवराच्या काठचं गाव, निळी नाईल तिथूनच निघते. स्वयंपाक मी एकट्यानं शिकलो, कारण सौ. पोरांच्या शाळेमुळे परभणीतच राहिल्या.

आधी इंजेरा. तुम्ही दह्यात भिजवली, तिथंच घोटाळा. दही नको. पीठ साध्या पाण्यात सैल कालवून झाकून ठेवा, आपण आंबील आंबवतो तसं. वर पिवळसर पाणी सुटतं, त्याला एर्शो म्हणतात. ते पुढच्या खेपेला विरजणासारखं वापरायचं. तिकडं दोन-तीन दिवस आंबवतात, पण अदिस अबाबा २,३०० मीटर उंचीवर आहे, हवा गार. आपल्याकडच्या चैत्र-वैशाखात तीन दिवस ठेवलंत तर शेजारी तक्रार करतील. दीड दिवस पुष्कळ झाला.

खरी युक्ती पुढं आहे. आंबलेल्या पिठातलं वाटीभर काढून पाण्यात शिजवायचं, खळीसारखं घट्ट झालं की गार करून परत त्याच पिठात मिसळायचं. याला अब्सित म्हणतात. मग तासभर फुगू द्यायचं. तुम्हाला हे नवीन वाटायला नको. पीठ विरी गेलं की भाकरी तुटते, तेव्हा आपण उकड काढतोच की. तीच गोष्ट. ज्वारीला गव्हासारखा चिकटपणा नसतो, शिजवलेलं पीठच तिला धरून ठेवतं. मी तीन वाट्या पांढरी ज्वारी अन् एक वाटी तांदळाचं पीठ घ्यायचो. टेफइतकी लवचीक होणार नाही अन् संध्याकाळपर्यंत कडक पडेल, तेव्हा जेवणाच्या आधी करा. तवा चांगला तापवा, तेल नाही, बाहेरून आत गोल गोल ओता. जाळी पडली की झाकण. उलटायची नाही. अन् पूर्ण गार होईपर्यंत एकावर एक ठेवू नका, चिकटून लगदा होईल.

आता बेरबेरे. त्यात मिरचीबरोबर मेथी असते, ओवा असतो, कलौंजी असते, आलं-लसूण वाळवून असतं, अन् कोरारिमा नावाची त्यांची वेलची. मेथी वरून कच्ची टाकलीत, कडू होणारच. तिकडची बाई काय करते सांगतो. कांदा अगदी बारीक चिरून जाड बुडाच्या भांड्यात *बिनतेलाचा* टाकते. मंद आचेवर चाळीस-पंचेचाळीस मिनिटं. लागायला लागला की पाण्याचा हबका. त्याचा तपकिरी गोळा झाला की मग तेल किंवा तूप, मग बेरबेरे, अन् परत वीस मिनिटं. घाई केली की मसाला घशात बसतो. बारा माणसांना दोन किलो कांदा लागेल, आधीच चिरून ठेवा.

त्यांचं तूप म्हणजे निटर किब्बे. आपण लोणी कढवताना विड्याचं पान टाकतो ना, तसं ते कोसेरेत नावाचा पाला, तुळशीच्या जातीचा बेसोबेला, हळद, मेथी, वेलची टाकून कढवतात अन् गाळून घेतात.

एक महत्त्वाचं. पोरगी ऑर्थोडॉक्स असेल तर बुधवार-शुक्रवार उपास. तो आपल्या उलटा असतो: डाळी चालतात, दूध-तूप-अंडं-मांस चालत नाही. ईस्टरच्या आधी तर ५५ दिवस असंच. शिवाय तिकडं जुनी रीत आहे, ख्रिस्ती माणूस मुसलमानानं कापलेलं मांस खात नाही अन् मुसलमान ख्रिस्त्यानं कापलेलं. कानोचं पोरगं मुसलमान असणार. मटण एकाच भांड्यात टाकायच्या आधी दोघांना विचारा.

डबेवाली काकू

मास्तर, बरं झालं सांगितलं. आत्ताच फोन लावला. पोराला हलालच लागतं. पोरगी म्हणाली, “काकू, इथं मी सगळं खाते, पण आईला ताटाचा फोटो पाठवायचाय.” म्हणजे झालं. मोठं भांडं बिनमांसाचं. पोराचं मटण वेगळं.

बालाघाटची लेक (सध्या लागोस)

काकू, मी मूळची बीडची. मालक प्लॅस्टिकच्या कारखान्यात आहेत. पहिली चार वर्षं कानोत काढली, आता लागोसला.

तुमची पहिली चूक मसाल्यात नाही, पदार्थ निवडण्यात झाली. जोलोफ सगळ्या नायजेरियात करतात, कानोतही लग्नात असतोच, पण तुमच्या पोराच्या आईच्या चुलीवर रोज काय असतं ते बघा. कानो उत्तरेला, हौसा लोकांचा मुलूख. तिथं ज्वारी पिकते, बाजरी पिकते, भुईमूग पिकतो. १९५०-६० च्या काळात कानोत भुईमुगाच्या पोत्यांचे पिरॅमिड रचलेले असायचे, जुने फोटो अजून दुकानांत लावलेले दिसतात. लाल पामतेल हा दक्षिणेकडचा जास्त शौक. कानोत शेंगदाण्याचं तेल चालतं. म्हणजे तुमचा चरबीचा प्रश्नच मिटला. करडी नाही, सोयाबीन नाही, घाण्याचं शेंगदाणा तेल आणा. पोरीच्या उपासाच्या स्वयंपाकालाही चालेल.

त्याच्या घरचं करायचं तर मियान तौशे करा. लाल भोपळा, शेंगदाण्याचं वाटण, टोमॅटो-मिरची, पालक, अन् त्यात याकुवाची पानं. याकुवा म्हणजे काय ओळखा. अंबाडी! मी कानोच्या बाजारात पहिल्यांदा ती जुडी बघितली अन् तिथंच उभी राहून रडले होते, खोटं नाही सांगत. भाजीवाली घाबरली, तिनं एक जुडी फुकट दिली.

आता मेळ कसा बसवायचा. मास्तरांनी सांगितला तसा कांदा बिनतेलाचा आटवा, शेंगदाणा तेल अन् बेरबेरे घालून शिजवा, अन् त्यात भोपळा, कूट, अंबाडी. खाली इथिओपिया, वर कानो. अंबाडी मात्र उकडून पिळून घ्या, नाहीतर सगळं आंबट.

पोराला सुया करा. मटणाच्या पातळ चकत्या, काडीला ओवून निखाऱ्यावर. त्याचा मसाला याजी: कुळीकुळी, सुंठ, तिखट, मीठ. कुळीकुळी म्हणजे शेंगदाणे भाजून वाटून, तेल पिळून काढून उरलेली पेंड तळलेली. तेल काढलेलं नसेल तर मसाला तेलकट होऊन आचेवर जळतो. पण म्हणून ढोरांची पेंड आणू नका हो! तिच्यात बुरशी असते, अफ्लाटॉक्सिन असतं. घरीच कूट करून स्वच्छ धडप्यात घट्ट पिळा. निम्मं तेल गेलं तरी भागतं. वर कच्चा कांदा, टोमॅटो. तिकडं वर्तमानपत्रात गुंडाळून देतात, तुम्ही इंजेरात गुंडाळा.

स्पष्टवक्ता

कशाला हा उपद्व्याप? फ्यूजन म्हणजे दोन्ही बिघडवणे. पोरांना पिठलं-भाकरी घाला, जन्मभर आठवण काढतील.

डबेवाली काकू

दादा, तीन वर्षं तेच घातलंय. आठवण काढायला अजून किती घालू?

निवृत्त मास्तर (परभणी)

पिठल्याचं नाव निघालंच आहे तर. इथिओपियाचा शिरो नावाचा पदार्थ आहे, आपले लोक बघितला की पिठलं म्हणतात. मी पण म्हणायचो. पण ते पिठलं नव्हे, ते येसर आहे. हरभरा-वाटाणा भाजून, मसाल्यासकट दळून डबा भरून ठेवायचा अन् पाहुणा आला की पाण्यात शिजवायचा. आपल्याकडं लग्नात येसराची आमटी होते, अगदी तीच रीत. काकू, तुमच्याकडं येसर असेलच. थोडा बेरबेरे घालून घट्ट आमटी करा, वेगळं काही करायला नको.

अन् दुसरं, कारळं. इंग्रजीत त्याला नायजर सीड म्हणतात, म्हणून लोकांना ते नायजेरियाचं वाटतं. शास्त्रीय नाव गिझोशिया अॅबिसिनिका. अॅबिसिनिया म्हणजे इथिओपिया. तिकडं त्याला नूग म्हणतात अन् त्याचंच तेल काढतात. तुमची कारळ्याची चटणी ताटात वाढा, पोरगी ओळखते का बघा.

शेफ नांदेडकर

हॉटेल मॅनेजमेंट केलंय, म्हणून सांगतो. इंजेरावर थोडं चीज किसून सुया रोल केला तर तरुण पोरांना आवडेल. प्लेटिंगला मायक्रोग्रीन टाका.

बालाघाटची लेक (सध्या लागोस)

चीज तुझ्याकडंच राहू दे बाळा.

शेफ नांदेडकर

बरं ताई 😄 मग कामाचं सांगतो. बांबूच्या काड्या तासभर पाण्यात भिजवा, नाहीतर मटणाआधी काड्याच पेटतील. मटणाच्या चकत्या अर्धवट गोठवून कापा, पातळ निघतात. अन् ताटं मांडू नका. इथिओपियन जेवण एकाच मोठ्या ताटातून खातात. परात घ्या.

डबेवाली काकू

रविवार झाला. हात अजून कांद्यानं वास मारायलाय, पण लिहून टाकते.

इंजेरा. शुक्रवारी रात्री पीठ भिजवलं. ४१ डिग्री ऊन, शनिवारी दुपारीच फसफसून पातेल्याबाहेर आलं. रविवारी सकाळी अब्सित मिसळली. पहिल्या तीन गेल्या, चौथीला जाळी पडली. मायबाई, तव्यावर ते डोळे उघडताना बघत राहावं असं असतं! एका मागोमाग एक टप टप फुटायले, कडेकडून मधे. झाकण ठेवायचं विसरून मी बघतच बसले, ती पण वाया गेली. एकूण १९ बऱ्या निघाल्या. घाईत दोन गरमच एकावर एक ठेवल्या, मास्तर म्हणाले तस्साच लगदा. ताई तुमचा भोपळा-अंबाडी मात्र पहिल्या घासाला दातच आंबवले. अंबाडी पिळली होती मी, पण इंजेरा स्वतःच आंबट आहे हे कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. आंबटावर आंबट. गूळ घालायला हात गेला, पोरगी “नो काकू नो” करत धावत आली. मग अजून दोन वाट्या कूट घातला, पाच मिनिटं शिजू दिलं, बसलं जाग्यावर. पुढच्या वेळी अंबाडी निम्मीच.

बेरबेरे या खेपेला कडू नाही. पाऊण तास कांदा हलवत बसले, सून म्हणाली डब्याच्या भाजीला कधी एवढा वेळ देत नाहीत. खरंय तिचं.

सुया पोरानंच केली, अंगणात शेगडीवर. मला हातच लावू देईना. काड्या भिजवल्या होत्या, शेफ, धन्यवाद. पहिला घास घेतला अन् बराच वेळ काही बोललंच नाही. मग म्हणालं, सुंठ कमी आहे. मागच्या “छान आहे काकू” पेक्षा मला हे ऐकून बरं वाटलं.

कारळ्याची चटणी पोरीनं बोटावर घेतली, चाखली, अन् “नूग!” म्हणून ओरडलीच. तिची आजी नूग कुटते म्हणे. अर्धा किलो बांधून दिली.

अन् सासूबाईंचं. परातीतून सगळ्यांनी मिळून खायचं म्हणल्यावर त्या खुर्ची घेऊन लांब बसल्या. इथिओपियात घास करून दुसऱ्याच्या तोंडात घालतात, मानाची रीत आहे, गुर्शा म्हणतात. पोरीनं इंजेरात भोपळा अन् येसर धरून मोठा घास केला अन् सरळ सासूबाईंच्या पुढ्यात धरला. आम्ही सगळे गप. सासूबाईंनी तिच्याकडं बघितलं अन् म्हणाल्या, “घास भरवतीस? मग आधी नाव घे.” सगळं घर हसायलं, पोरीला काही कळंना. पोरानं समजावलं, त्याला आपल्या लग्नातला उखाणा माहीत होता. मग तिनं तिच्या भाषेत काहीतरी दोन ओळी म्हणल्या, कुणाचं नाव होतं ते सांगितलं नाही. सासूबाईंनी घास खाल्ला. “कोंड्याची धिरडी अशीच लागायची,” एवढंच म्हणाल्या, पण दुसरा घास स्वतः परातीतून घेतला.

शेवटी कॉफी. तिकडं तीन वेळा उकळून तीन फेऱ्या देतात, अन् सोबत मक्याच्या लाह्या. मी ज्वारीच्या लाह्या फोडल्या. तिसऱ्या फेरीपर्यंत शेजारच्या दोघी आल्या होत्या.

सोमवारी सवयीनं पोराच्या डब्यात शेपू गेला. परत आला.

मास्तर, एर्शो बाटलीभर उरलंय. फेकवंना झालंय. किती दिवस टिकतं?

निवृत्त मास्तर (परभणी)

फ्रीजमध्ये आठवडाभर निवांत. झाकण घट्ट लावू नका, फुटेल.